किंग्स्टनची राख : बंधारा एका रात्रीत फुटला, माणसे आजारी पडली साफसफाईत

२२ डिसेंबर २००८ च्या मध्यरात्रीनंतर, एकच्या सुमारास, अमेरिकेच्या टेनेसी राज्यातल्या किंग्स्टन औष्णिक वीजकेंद्राचा राखेचा बंधारा फुटला. ५४ लाख घनयार्ड, म्हणजे ४१ लाख घनमीटरांहून जास्त ओली राख बाहेर आली आणि सुमारे ३०० एकरांवर पसरली. शेजारची खाडी भरली, एमरी नदीचे पात्र अडले, रस्ता आणि रेल्वेरूळ गाडले गेले, गॅसची वाहिनी तुटली. तीन घरे राहण्यालायक उरली नाहीत. त्यातले एक तर पायावरूनच सरकले.

वीजकेंद्र टेनेसी व्हॅली ऑथॉरिटीचे, म्हणजे टीव्हीएचे. ही १९३३ साली स्थापन झालेली संघराज्य सरकारची कंपनी. टीव्हीएने आधी १७ लाख घनयार्ड राख सांडल्याचे सांगितले आणि चार दिवसांनी आकडा तिप्पट करून ५४ लाखांवर नेला. पहिले कारण दिले ते पावसाचे आणि कडाक्याच्या थंडीचे.

त्या रात्री कोणी दगावले नाही, म्हणून किंग्स्टन प्रकरण बहुतेक वेळा पर्यावरणाच्या खात्यात टाकले जाते : नदी गढूळ झाली, मासे मेले, १०० कोटी डॉलरांहून जास्त खर्च झाला, नदी पुन्हा वाहती झाली. मला ही मांडणी अपुरी वाटते. राखेमुळे माणसाच्या शरीराचे काय होते याची खरी कसोटी इथे लागली ती पुढच्या सहा वर्षांत, राख उचलणाऱ्या कामगारांवर. बंधारा कसा फुटला, ही कथेची केवळ सुरुवात झाली.

राखेत असते काय

दगडी कोळसा जळतो तेव्हा त्यातला कार्बन हवेत जातो आणि जे जळत नाही ते उरते. जड भाग भट्टीच्या तळाशी बसतो. हलका भाग धुराबरोबर वर निघतो आणि चिमणीच्या आधी बसवलेल्या गाळण यंत्रात पकडला जातो. ही उडती राख, फ्लाय अॅश. ती पिठासारखी बारीक, करड्या रंगाची असते आणि सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली तर तिच्यात काचेचे छोटे छोटे गोळे दिसतात. मुख्यतः सिलिका, अॅल्युमिना आणि लोहाची संयुगे. त्यासोबत आर्सेनिक, सेलेनियम, शिसे, क्रोमियम, व्हॅनेडियम आणि थोडे रेडियम.

किंग्स्टन समजायचे असेल तर एक गोष्ट नीट समजून घ्यावी लागते. भट्टीच्या उष्णतेत आर्सेनिक आणि सेलेनियमसारख्या मूलद्रव्यांची वाफ होते. धूर थंड होऊ लागला की ही वाफ राखेच्या कणांवर पुटासारखी बसते. कण जितका बारीक, तितका वजनाच्या मानाने त्याचा पृष्ठभाग जास्त, म्हणून विषारी द्रव्यांचे सर्वाधिक प्रमाण सर्वांत बारीक कणांत सापडते. फुप्फुसात सर्वांत खोल जातात तेही हेच कण. नाक आणि घसा जाड धूळ अडवतात. अडीच मायक्रॉनच्या (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) आतल्या कणांपुढे त्यांचे काही चालत नाही. राखेचा ढीग एकत्र करून त्याचे सरासरी प्रमाण मोजले तर ही गोष्ट आकड्यात दिसतच नाही.

ड्यूक विद्यापीठाच्या संशोधकांनी फुटीनंतर काही आठवड्यांतच तिथले नमुने घेतले. राखेत आर्सेनिक किलोमागे ७५ मिलिग्रॅमच्या आसपास निघाले; साध्या मातीत हा आकडा बहुधा एक आकडीच असतो. रेडियमही आजूबाजूच्या मातीपेक्षा जास्त होते. राख वाळून तिची धूळ झाली आणि ती श्वासात गेली तर धोका आहे, हे त्यांनी २००९ सालीच छापून ठेवले होते.

धरणे बांधणाऱ्यांनी न मोजलेले धरण

किंग्स्टन केंद्र १९५० च्या दशकात उभे राहिले. जवळच्या ओक रिजमधल्या अण्वस्त्र कारखान्यांना वीज पुरवणे हे त्याचे मोठे काम. १९५५ मध्ये ते पूर्ण झाले तेव्हा जगातले सर्वांत मोठे कोळशावरचे वीजकेंद्र होते. राख पाण्यात कालवून नळाने तळ्यात सोडायची, तळे भरले की गाळ उपसून शेजारच्या कप्प्यात रचायचा आणि कप्पा भरला की आधीच्याच राखेवर नवा बांध घालून उंची वाढवायची. पन्नास वर्षांत हा डोंगर आजूबाजूच्या पाण्यापेक्षा साठएक फूट वर गेला होता.

२००९ च्या जूनमध्ये एईकॉम या अभियांत्रिकी कंपनीने कारणमीमांसा दिली. सगळ्यात खाली, सुरुवातीच्या काळात साचलेल्या अतिबारीक राखेचा आणि गाळाचा एक पातळ, पाणी धरून राहिलेला थर होता. वरचा भार दरवर्षी वाढत गेला तसा तो थर कणाकणाने सरकत राहिला आणि एका मर्यादेनंतर त्याने पकड सोडली. ओल्या फरशीवर पोत्यांची थप्पी रचत जावी तसे हे झाले. पाऊस आणि थंडी हे निमित्त फार तर म्हणता येईल.

टीव्हीएच्याच महानिरीक्षकाने, म्हणजे संस्थेचा कारभार तपासणाऱ्या अधिकाऱ्याने, हा अहवाल फार संकुचित ठरवला. मातीच्या थरात कारण शोधताना कारभारातले कारण झाकले जाते, असा त्याचा रोख होता. २००३ आणि २००६ मध्ये याच कप्प्याच्या बांधातून पाझर फुटले होते आणि तेवढ्यापुरती डागडुजी झाली होती. राखेचे बांध धरण सुरक्षा कार्यक्रमात घ्यावेत, ही सूचना संस्थेत १९८० च्या दशकातच चर्चेला आली होती. घेतले मात्र नाहीत. अख्ख्या खोऱ्यात धरणे बांधून नाव कमावलेल्या संस्थेने स्वतःच्या अंगणातली साठ फुटांची पाणी धरलेली भिंत धरण म्हणून मोजलीच नाही. राख हा कचरा, म्हणून तिची भिंत कचऱ्याच्या खात्यात. या खातेवाटपाकडे पुन्हा यावे लागेल.

२०१२ मध्ये संघराज्य न्यायालयाने टीव्हीएला फुटीबद्दल जबाबदार धरले आणि २०१४ मध्ये मालमत्ताधारकांशी २ कोटी ७८ लाख डॉलरांची तडजोड झाली. राज्य सरकारने त्याआधीच १ कोटी १५ लाखांचा दंड लावला होता.

नदीचे काय झाले

नदीच्या बाबतीत निकाल संमिश्र आहे आणि तो तसाच सांगायला हवा. एमरी आणि क्लिंच नद्यांच्या मुख्य प्रवाहात पाण्याचे प्रमाण एवढे होते की विरघळलेले आर्सेनिक लवकरच पातळ झाले. पिण्याच्या पाण्याच्या नमुन्यांतून मोठे संकट निघाले नाही. मात्र जिथे पाणी थबकले होते, त्या खाडीच्या कोपऱ्यांत ते जास्त सापडले. तळाच्या गाळात तर आणखी जास्त, कारण प्राणवायू संपलेल्या गाळात आर्सेनिकचे रूप बदलते आणि ते कणांना सोडून कणांमधल्या पाण्यात उतरते. वरून घेतलेला बाटलीभर नमुना निर्मळ निघाला म्हणून तळ निर्मळ ठरत नाही.

सेलेनियमची भीती वेगळी. ते पाण्यात थोडे असले तरी शेवाळातून किड्यांत, किड्यांतून माशांत चढत जाते आणि माशांच्या अंड्यांत साठते. नॉर्थ कॅरोलायनातल्या बेल्यूज सरोवरात १९७० च्या दशकात राखेच्या तळ्याचे पाणी सोडले जात होते. तिथल्या वीसपैकी एकोणीस जातींचे मासे नाहीसे झाले. कोणताही बंधारा न फुटता, रोजच्या नेमलेल्या विसर्गातून. किंग्स्टनमध्ये पुढच्या वर्षांच्या पाहणीत मासे आणि पक्ष्यांमध्ये सेलेनियम वाढलेले दिसले, पण बेल्यूजसारखा संहार झाला नाही. वाहती नदी आणि वेगाने केलेला उपसा, दोन्हींचा त्यात वाटा असावा.

सगळी राख निघालीही नाही. सुमारे पाच लाख घनयार्ड नदीच्या तळाशीच ठेवली गेली. ओक रिजच्या जुन्या कारखान्यांतून आलेले सीझियम आणि पारा त्याच पट्ट्यातल्या गाळात होते. राख खरवडायला जावे तर ते ढवळून वर येणार. नवे विष जुन्या विषावर पांघरूण म्हणून राहू द्यायचे, असा हा निर्णय. तो चुकीचा होता असे मी म्हणणार नाही. एकदा गाळ साचू दिला की पुढे निवड कशातून करावी लागते, ते यातून कळते.

वाळलेली राख

आता मुख्य भाग. साफसफाईचे कंत्राट जेकब्ज इंजिनीअरिंगकडे होते आणि जागेवर एकूण सुमारे ९०० माणसे राबली. यंत्रचालक, ट्रकचालक, मजूर. पाळी बारा तासांची, आठवड्यातले सहा-सात दिवस. मंदीचे दिवस होते, अशा पगाराचे काम सहज मिळत नव्हते.

राख ओली असते तेव्हा ती चिखल. पसरून उन्हात वाळवली की वरचा थर पिठासारखा सुटतो. ट्रकची चाके तो उधळतात, उत्खनकाचा हात खाली आला की लोट उठतो. टँकरने पाणी मारले की थोडा वेळ बसतो आणि वारा आला की पुन्हा उठतो. हे कामगार संध्याकाळी घरी गेले की कपड्यांवर, बुटांत, गाडीच्या सीटवर राख घेऊन जात. खोकला आणि धाप हे तिथले नेहमीचे झाले होते. पुढे त्वचेवर चट्टे, नाकातून रक्त, काहींना चक्कर.

कामगारांनी न्यायालयात दिलेल्या साक्षींनुसार धुळीचे मास्क मागितल्यावर नकार मिळाला, मास्क मागत राहिलात तर नोकरी जाईल असे सूचित केले गेले, आणि राख दिवसाला पौंडभर खाल्ली तरी काही होणार नाही असे सांगण्यात आले. कंपनीने आरोप नाकारले. हवेचे नमुने मर्यादेच्या आत होते आणि सुरक्षेचे नियम टीव्हीए व संघराज्य सरकारच्या पर्यावरण संस्थेच्या (ईपीए) मान्यतेने ठरले होते, अशी तिची बाजू होती.

पौंडभर राखेचे ते वाक्य मला फार बोलके वाटते. त्यात राख पोटात जाण्याची गोष्ट आहे, प्रश्न मात्र श्वासाचा होता. पोटात गेलेल्या आर्सेनिकचे काय होते याचे गणित वेगळे आणि फुप्फुसात रुतून बसलेल्या सिलिकाच्या कणाचे वेगळे. स्फटिकी सिलिका श्वासातून जाणे हे कर्करोगाचे सिद्ध कारण म्हणून आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेच्या पहिल्या गटात आहे. आर्सेनिकही त्याच गटात आहे. अतिबारीक कण तर फुप्फुसाच्या भिंतीपलीकडे रक्तापर्यंत परिणाम करतात, आणि म्हणूनच हृदयविकार व रक्तदाब हेही धुळीचे आजार ठरतात.

मग ही खात्री आली कुठून? माझ्या मते खातेवाटपातून. १९८० मध्ये अमेरिकी काँग्रेसने कोळशाच्या राखेला घातक कचऱ्याच्या कायद्यातून तात्पुरते वगळले आणि २००० मध्ये पर्यावरण संस्थेने ती सूट कायम ठेवली. त्याच्या जोडीला असते ती प्रयोगशाळेची चाचणी : राख सौम्य आम्लात घोळवायची आणि त्यातून किती धातू पाण्यात उतरतात ते पाहायचे. ही चाचणी घरगुती कचऱ्याच्या भूमीतला झिरपा डोळ्यासमोर ठेवून बनवलेली आहे आणि राख तिच्यात सहसा उत्तीर्ण होते. श्वासाबद्दल ती काहीच सांगत नाही, सांगायचा तिचा हेतूही नाही. पण "घातक नाही" हा शिक्का एकदा बसला की तो ढिगाऱ्याकडून माणसाकडे सरकायला वेळ लागत नाही. कचरा कुठे पुरावा हे ठरवणारा शब्द, मास्क द्यावा की नाही हे ठरवू लागतो.

दुसरी गल्लत मोजमापाची. सभोवतालच्या वस्तीसाठी कुंपणालगत हवेची यंत्रे होती आणि रहिवाशांच्या आरोग्य तपासण्याही झाल्या. सुमारे दोनशे जणांच्या तपासणीत राखेमुळे झालेला विकार सापडला नाही. यावर शंका घेण्याचे मला कारण दिसत नाही. पण कुंपणापलीकडच्या घरात झोपणारा माणूस आणि उत्खनकाच्या केबिनबाहेर बारा तास उभा असलेला माणूस एकच हवा घेत नाहीत. वस्तीचा निर्धोक निकाल वस्तीपुरताच.

२०१३ मध्ये कामगारांनी दावा लावला. नोव्हेंबर २०१८ मध्ये नॉक्सव्हिलच्या ज्युरीने ठरवले की कंपनीने पुरेशी काळजी घेण्याचे कर्तव्य पाळले नाही, आणि त्यातून झालेल्या संपर्कामुळे दावेदारांनी मांडलेले आजार होऊ शकतात. त्यांत फुप्फुसाचा कर्करोग, ल्युकेमिया (रक्ताचा कर्करोग), दमा, सीओपीडी (श्वासमार्ग कायमचे अरुंद होण्याचा विकार), हृदयधमन्यांचा विकार, उच्च रक्तदाब होते. "होऊ शकतात" हे शब्द महत्त्वाचे. अमुक माणसाचा अमुक कर्करोग राखेमुळेच, हे ठरवण्याचा दुसरा टप्पा बाकी होता. वैद्यकशास्त्राच्या दृष्टीने तोच अवघड : बांधकामाच्या साइटवर आयुष्य घालवलेल्या, कदाचित सिगारेट ओढणाऱ्या पन्नाशीच्या माणसाच्या फुप्फुसात कोणती धूळ कोणत्या वर्षाची, हे सांगणारी तपासणी नाही. कामाच्या दिवसांत अंगावर लावलेल्या यंत्रांतून नीट नोंदी ठेवल्या असत्या तर निदान किती धूळ गेली ते कळले असते. नेमक्या त्याच नोंदींवर दोन्ही बाजूंचा वाद होता.

दुसरा टप्पा झालाच नाही. २०२३ मध्ये तडजोड झाली. दोनशेहून अधिक दावेदारांसाठी ७ कोटी ७५ लाख डॉलर, असे नंतर उघड झाले. वकिलांची फी आणि दहा वर्षांचा खर्च त्यातूनच. तोवर राखेत राबलेल्यांपैकी पन्नासहून अधिक कामगार वारले होते. प्रत्येकाचा मृत्यू राखेमुळे, असे कोणत्याही न्यायालयाने म्हटलेले नाही. आता म्हणण्याची वेळही गेली.

राख गेली कुठे

नदीतून काढलेली राख, सुमारे चाळीस लाख टन, २००९ आणि २०१० मध्ये रेल्वेने तीनशेहून अधिक मैलांवर अलाबामातल्या पेरी काउंटीत नेली गेली. युनियनटाउन हे तिथले गाव गरीब, वस्ती बहुतांश कृष्णवर्णीय. राख टाकली त्या तिथल्या अॅरोहेड कचराभूमीला खाली झिरप अडवणारे अस्तर आणि झिरपा गोळा करण्याची सोय होती, म्हणजे तांत्रिकदृष्ट्या किंग्स्टनच्या बिनअस्तराच्या तळ्यापेक्षा ती जागा नक्कीच बरी. काउंटीला टनामागे शुल्क मिळाले. रस्त्यापलीकडच्या घरांना मात्र वास आणि धूळ मिळाली. टेनेसीच्या ज्या भागातून राख निघाली तो तुलनेने सधन आणि गोरा होता. रहिवाशांनी २०१३ मध्ये नागरी हक्कांच्या कायद्याखाली तक्रार केली, पर्यावरण संस्थेने ती २०१८ मध्ये निकाली काढली, तक्रारदारांच्या विरोधात.

थोडे मागे जाऊन पाहिले तर हा प्रवास जुनाच आहे. पूर्वी राख चिमणीतून गावावर पडे. हवा सुधारण्यासाठी गाळण यंत्रे बसली तेव्हा तीच राख तळ्यात साचू लागली. तळे फुटले, ती नदीत गेली. नदी साफ केली, ती कामगारांच्या अंगावर आणि मग अलाबामात गेली. प्रत्येक टप्प्यावर कोणाची तरी तक्रार खरोखर मिटली.

नियम

किंग्स्टननंतर पहिल्यांदाच संघराज्य पातळीवर राखेचे नियम करायला घेतले गेले. २०१० मध्ये मसुदा, २०१५ मध्ये अंतिम. नव्या तळ्यांना अस्तर, बांधांची नियमित तपासणी, भूजलाच्या विहिरी आणि त्यांचे आकडे लोकांसमोर ठेवणे, धूळ आवरण्याची योजना. यातले आकडे उघडे करणे हे मला सर्वांत मोलाचे वाटते. ते हाती आल्यावर दोन पर्यावरण संघटनांनी २०१९ मध्ये हिशेब मांडला, तेव्हा माहिती देणाऱ्या २६५ केंद्रांपैकी ९१ टक्के ठिकाणी भूजलात राखेतल्या द्रव्यांचे प्रमाण सुरक्षित पातळीच्या वर निघाले. बंधारा फुटलेली केंद्रे त्यात बोटांवर मोजण्याइतकी. बाकीची गळती शांतपणे, वर्षानुवर्षे, बिनअस्तराच्या तळातून.

बंद पडलेल्या केंद्रांची जुनी तळी २०१५ च्या नियमातून सुटली होती. न्यायालयाने २०१८ मध्ये त्यावर बोट ठेवले आणि २०२४ मध्ये तीही नियमाखाली आणली गेली.

राख मात्र अजूनही "घातक नसलेला कचरा" याच वर्गात आहे. २०१५ च्या नियमानेही ते बदलले नाही. तळ्यातून राख काढून अस्तराच्या कचराभूमीत नेण्याचे काम आज अनेक केंद्रांवर चालू आहे, म्हणजे किंग्स्टनसारखीच ओली राख वाळवणे, भरणे, वाहून नेणे. ते करणाऱ्या माणसाला कचऱ्याचा नियम फारसा वाचवत नाही. त्याच्या उपयोगी पडतो तो कामगार सुरक्षा विभागाचा २०१६ चा सिलिका नियम : आठ तासांच्या सरासरीने हवेच्या घनमीटरमागे ५० मायक्रोग्रॅम श्वसनयोग्य सिलिका, त्यापुढे मालकाने धूळ कमी करायची, आणि तेवढ्याने भागले नाही तर रेस्पिरेटर द्यायचा. मागावा लागू नये, द्यायचा. किंग्स्टनचे काम २०१५ मध्ये संपले, हा नियम त्यानंतर वर्षभराने आला.